जुडिथचा हात

अँब्रोज : तीसच पानं, डॉर्कस? तुझ्या बहिणीने वीस वर्षं रोज लिहिलं. दर वर्षी कोलचेस्टरच्या बाजारातून तिची नवी वही मीच आणायचो. आणि तू मला तीस पानं उतरवून देतेस, तीही सोळाशे एकोणपन्नास सालच्या मार्चमध्ये येऊन थांबलेली.

डॉर्कस : पुढच्या वह्या उंदरांनी खाल्ल्या, भाऊजी. परवाच सांगितलं मी तुम्हाला.

अँब्रोज : उंदीर साल बघून खातात का?

डॉर्कस : या घरातले खात असतील. रोज दोन वेळा शास्त्रपाठ ऐकून तेही काटेकोर झालेत.

अँब्रोज : चेष्टा नको. आज गुरुवार. प्रवचन आटोपलं की पाळक ओल्डफील्ड सरळ इथे येणार. दफनाच्या वेळी ते जे बोलले ते लंडनला छापायला चाललंय, आणि त्याच्या मागे जुडिथचं चरित्र जोडायचंय, तिच्याच शब्दांत. मी हो म्हणून बसलोय.

डॉर्कस : मग तीस पानं पुरेत की. वाचून तरी बघा. लग्नाच्या पाचव्या वर्षी धुणं वाळत घालताना तिला प्रभूची अशी गोडी लागली की ओली चादर हातात धरून ती तशीच उभी राहिली, बाह्या भिजेपर्यंत. दगडालाही रडू येईल. पाळकांना आणखी काय हवंय?

अँब्रोज : पाळकांचं सोड. मला हवंय. मला तुमच्या त्या लघुलिपीच्या खुणा वाचता येत नाहीत. कागदावर मुंग्या चालल्यासारख्या दिसतात. तुम्ही दोघी बहिणी लहानपणीच शिकलात.

डॉर्कस : हौसेने नाही शिकलो. बाबा आम्हाला देवळात प्रवचन खुणांनी उतरवून घ्यायला लावायचे आणि घरी आल्यावर जेवायच्या आधी मुद्दा न् मुद्दा म्हणून घ्यायचे. जिचा मुद्दा चुकला तिला पुडिंग नाही. ताईचा एकही चुकायचा नाही. मी अशी काडीसारखी राहिले ती त्यापायी.

अँब्रोज : डॉर्कस, उंदरांनी खाल्लेल्या वह्या तुझ्या शिवणाच्या टोपलीत आहेत, लोकरीच्या खाली. सकाळी कात्री शोधत होतो तेव्हा दिसल्या. एक पान कुरतडलेलं नाही.

डॉर्कस : बरं. मग बसा आधी. उभ्याने ऐकायचं नाही हे.

अँब्रोज : बसलो.

डॉर्कस : सात वह्या आहेत. पहिल्या वहीचं पहिलं पान वाचते. 'मंगळवार. लोकर पिंजली. प्रार्थनेला बसले. आत काही नाही.' मग बुधवार. 'आत काही नाही. तरी गुडघे टेकले.' गुरुवार. 'प्रवचन दोन तास. सगळं उतरवून घेतलं. आत काही नाही.'

अँब्रोज : पुढे वाच.

डॉर्कस : पुढे हेच आहे.

अँब्रोज : किती दिवस?

डॉर्कस : सात वर्षं, भाऊजी. शेवटच्या दुखण्यात तिची वाचा गेली त्याच्या आदल्या दिवसापर्यंत. मी कारण शोधलं. कुणी गेलं होतं का, आजारपण होतं का, तुम्ही काही टाकून बोललात का. काही सापडलं नाही. साधा मंगळवार होता. चूल केव्हा विझली ते घरातल्यांना कळत नाही, राखेत हात घातल्यावरच कळतं, तसं झालं तिचं.

अँब्रोज : रोज सकाळी ती घराची प्रार्थना म्हणायची. खरं म्हणजे ते माझं काम, घरच्या पुरुषाचं. पण मला ते जमायचं नाही म्हणून तिने आपल्याकडे घेतलं होतं. मी डोकं खाली घालून ऐकायचो. तिचा आवाज कधी कापला नाही.

डॉर्कस : माझंही तेच झालं. मी विधवा होऊन या घरात आले तेव्हापासून मनाला म्हणत आले, ताईचा हात धरून राहा, ती जाईल तिथे जाशील. आता वाचताना कळलं की ती स्वतःच अंधारात चाचपडत होती. आणि मी मागून म्हणतेय, ताई, जरा हळू चाल.

अँब्रोज : मला वाटायचं, घरात एक माणूस उबेला आहे तेवढं पुरे. त्याच छपराखाली मी आहे.

डॉर्कस : का? तुम्हाला स्वतःला काही वाटायचं नाही?

अँब्रोज : नाही.

डॉर्कस : कधी तरी?

अँब्रोज : कधीच नाही. लग्नाआधी मंडळीपुढे उभा राहून मी जी साक्ष दिली ना, प्रभूने मला कसं जागं केलं त्याची, ती माझ्या थोरल्या भावाची होती. त्याला वादळात ओकच्या झाडाखाली झालं होतं. मी ओकच्या जागी एल्म सांगितलं.

डॉर्कस : आणि मंडळीने मानलं?

अँब्रोज : दोघं जण रडले.

डॉर्कस : वा. तेवीस वर्षं एका पलंगावर निजलात दोघं. एकदाही विषय निघाला नाही?

अँब्रोज : कसा निघणार? मला वाटायचं, तिला कळलं तर ती माझी कीव करेल. तिला काय वाटायचं ते आज कळतंय. पाच आठवडे झाले तिला जाऊन. मी मागावर बसतो, धोटा इकडून तिकडे जातो, कापड होतं. लोक म्हणतात, अँब्रोज किती धीराने घेतोय. धीर नाही तो. मला काही होतच नाहीये, डॉर्कस. तिच्यासाठीही काही होत नाही.

डॉर्कस : होईल. वेळ लागतो. माझा नवरा गेला तेव्हा मी तिसऱ्या महिन्यात एक अंडं फुटलं म्हणून रडले. पण आता ऐका माझं. या सात वह्या टोपलीतच राहू देत. पाळकांना तीस पानं द्या. तीस पानांनंतर ते सरळ शेवटावर येतील, आणि शेवट तर सगळ्या गावाने पाहिलाय. झाकली मूठ सव्वा लाखाची.

अँब्रोज : कुठला शेवट?

डॉर्कस : कुठला म्हणजे? ताईने हात उचलला तो. पाळकांनी विचारलं, 'भगिनी जुडिथ, ख्रिस्त तुमचा आहे अशी खात्री असेल तर हात उचला,' आणि तिने उचलला. वाचा गेलेल्या माणसाला दुसरं काय विचारणार? अकरा माणसं होती खोलीत. पाळकांनी ती गोष्ट आजूबाजूच्या सगळ्या देवळांतून सांगितली आहे.

अँब्रोज : तो हात मी त्यांना गाळायला सांगणार आहे.

डॉर्कस : काय म्हणून?

अँब्रोज : नको छापायला. एवढंच.

डॉर्कस : भाऊजी, मला त्या हाताची गरज आहे. तुम्हाला नसेल. सात वर्षं 'काही नाही, काही नाही' असं उतरवत मी या टेबलापाशी बसले आहे, दोन आठवडे, बोटं सुजली माझी. दर पानाला मी स्वतःला सांगायचे, थांब, शेवटी हात आहे. सात वर्षं देवाने तिला कोरडं ठेवलं आणि शेवटच्या घटकेला दिलं. तो हात काढलात तर राहतं काय?

अँब्रोज : केझायाला तू या वह्यांबद्दल काही सांगितलंस?

डॉर्कस : वेड लागलंय का मला? तिच्यासाठीच तर लपवल्या. तुम्ही तुमच्या पोरीकडे शेवटचं नीट कधी पाहिलंत?

अँब्रोज : रोज बघतो. जेवायला समोर असते.

डॉर्कस : समोर असते, जेवत नाही. चार दिवस तिची पेज कुत्रा खातोय. कुत्र्याचं पोट बघा. आणि सोमवारी मी वर गेले तर बाईसाहेब पेटी उघडून बसलेल्या. लग्नासाठी भरून ठेवलेल्या बारा चादरी, प्रत्येकीच्या कोपऱ्यात तिचं नाव, स्वतःच्या हाताने भरलेलं. ती सुईने एकेक टाका उसवत होती. म्हटलं, हे काय चाललंय? म्हणाली, 'विधवा पार्जिटरच्या मुलींना देऊन टाकू, त्यांना नावाचा त्रास नको.' आवाज असा, जणू कांदे निवडतेय.

अँब्रोज : ती अजून अठराची आहे. लग्न व्हायचंय.

डॉर्कस : लग्नाचं ती बोलत नाही. येत्या प्रभुवारी तिला मंडळीपुढे उभं राहून साक्ष द्यायची आहे, प्रभुभोजनाला बसायचं म्हणून. काय सांगणार असं विचारलं. म्हणाली, 'खरं तेच सांगणार, की देवाने तारायला निवडलेल्यांतली मी नाही. आईला पुरलं तेव्हा मला रडू आलं नाही. आत काही हलत नाही.' म्हटलं, आणि ते सांगून झाल्यावर? ती म्हणाली, 'नंतरचं काही नाही, मावशी.' मला त्या 'नंतरचं काही नाही'ची भीती वाटते, भाऊजी. कालपासून मी तिला विहिरीवर पाठवत नाही. पाणी मीच आणते.

अँब्रोज : पाळकांशी बोलली का ती?

डॉर्कस : बोलली ना. त्यांच्या मनात काही वाईट नाही, पण रोगापेक्षा औषध जालीम. त्यांनी सांगितलं, आईचं मरण आरशासारखं समोर धर आणि रोज त्यात आपलं मन बघ. पोर आज्ञाधारक. रोज बघते. आईचा हात मरतानाही उठला, माझं मन जिवंतपणी उठत नाही, हा तिचा हिशेब. आता बोला. अशा पोरीला मी या वह्या दाखवू? ती म्हणेल, म्हणजे आईही नरकात गेली.

अँब्रोज : आरसाच खोटा आहे.

डॉर्कस : काय?

अँब्रोज : हात मी उचलला, डॉर्कस.

डॉर्कस : कुणाचा हात?

अँब्रोज : जुडिथचा. तिचा दंड दुखायचा म्हणून मी पांघरुणाखालून चोळत होतो. माझी बाजू भिंतीकडची. पाळकांनी पहिल्यांदा विचारलं. ती वर बघत राहिली. दुसऱ्यांदा विचारलं. पार्जिटरबाईच्या तोंडावर तर शंका दिसायलाच लागली होती. केझाया पायथ्याशी. तिसऱ्यांदा विचारलं. तोपर्यंत माझा हात तिच्या कोपराखाली गेला होता.

डॉर्कस : नाही.

अँब्रोज : मी ठरवून केलं नाही असं म्हणायला मला आवडेल. पण मी ठरवलं होतं. दुसऱ्या आणि तिसऱ्या वेळेच्या मधे ठरवलं.

डॉर्कस : मी उशाशी होते. मी मोठ्याने देवाचे आभार मानले. तुमच्या हाताचे मानले का मी ते?

अँब्रोज : हो.

डॉर्कस : वळा इकडे. तुमचं तोंड नीट बघू दे मला.

अँब्रोज : बरं.

डॉर्कस : तिने ऐकलं तरी होतं का, पाळकांनी विचारलेलं?

अँब्रोज : ऐकलं होतं. मी हात उचलला तेव्हा तिने डोळे माझ्याकडे वळवले. रागाने नाही. पोराने दूध सांडलं की ती जशी बघायची, तशी. मग परत वर बघायला लागली.

डॉर्कस : तुम्ही माझं होतं नव्हतं ते घेतलंत, भाऊजी. दोन आठवडे मी त्याच्यावर काढले. शिव्या द्यायला हव्यात तुम्हाला. पण त्याही येत नाहीयेत. बसून राहावंसं वाटतंय नुसतं.

अँब्रोज : केझायाला सांगायला हवं.

डॉर्कस : सांगाल आणि ती तुमच्या डोळ्यांदेखत बुडेल. आत्ता निदान एक जण तरलेलं आहे तिच्या लेखी. तेही काढून घेणार?

अँब्रोज : ती त्या तरलेल्या माणसाकडे बघूनच बुडतेय. चादरी तू पाहिल्यास, मी नाही. तूच सांग, वह्या लपवून आणि हात छापून ती पेज खायला लागेल का?

डॉर्कस : मला नाही माहीत. मला आता काहीच माहीत नाही. जिन्यावर पाय वाजतायत तिचे. सांगणार असाल तर सांगा, मी अडवत नाही.

केझाया : मावशी, चादरी घडी करून ठेवल्या. बाराच्या बारा. पार्जिटरकडे केव्हा न्यायच्या ते सांग. लोकरीचे मोजेही नेले तरी चालतील, माझे दोन जोड जास्तीचे आहेत.

अँब्रोज : केझाया, बस इथे.

केझाया : मी उभी बरी आहे, बाबा.

अँब्रोज : बस, बाळ. तुझ्या आईचा हात मी उचलला होता.

केझाया : केव्हा?

अँब्रोज : पाळकांनी तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा. तिने नाही उचलला. मी खालून उचलला.

केझाया : पांघरुणाखालून.

अँब्रोज : हो.

केझाया : मी पायथ्याशी होते. मला दिसलं नाही.

अँब्रोज : कुणालाच दिसलं नाही.

केझाया : जड होता का?

अँब्रोज : काय?

केझाया : तिचा हात.

अँब्रोज : हो. फार जड होता. एवढा जड असेल असं मला वाटलं नव्हतं. ती एवढीशी होती.

केझाया : मग तिने उत्तरच दिलं नाही.

अँब्रोज : नाही दिलं.

केझाया : म्हणजे तिलाही खात्री नव्हती. मग तीही गेली.

डॉर्कस : ऐकलंत? हेच मी म्हणत होते.

अँब्रोज : डॉर्कस, वह्या वाचून दाखव तिला. सगळं तिला कळू दे. अर्धं कळून तर या घराची ही दशा झाली.

डॉर्कस : ये इकडे, पोरी. या तुझ्या आईच्या शेवटच्या सात वह्या. मी सांगत होते उंदरांनी खाल्ल्या, ते खोटं. कुठलंही पान काढलं तरी एकच आहे. 'सोमवार. अँब्रोजचे सदरे. आत काही नाही. प्रार्थना केली.' हे दुसरं. 'शनिवार. दोन भाकऱ्या करपल्या. केझायाला विनाकारण बोलले, माफी मागितली. आत काही नाही. प्रार्थना केली.' सात वर्षं, बाळ. म्हणजे तू अकरा वर्षांची होतीस तेव्हापासून.

केझाया : रोज?

डॉर्कस : रोज. तापात, कापणीच्या गर्दीत, कोलचेस्टरला वेढा पडून गेल्यावरच्या त्या भुकेल्या दिवसांतही. एक दिवस सुटलेला नाही.

केझाया : माझ्या तापाचे दिवस काढ. तीन वर्षांपूर्वी, बार्लीची कापणी चालली होती.

डॉर्कस : थांब. बावन्न, त्रेपन्न. हे बघ, ऑगस्ट. 'केझाया तापाने फणफणली. जवळ बसून स्तोत्रं म्हटली. आत काही नाही.' दुसऱ्या दिवशी. 'ताप तसाच. पुन्हा तीच स्तोत्रं. आवाज बसला. आत काही नाही. पोरीने बोट सोडलं नाही, म्हणून उठले नाही.' तिसऱ्या दिवशी फक्त एवढंच, 'स्तोत्रं. काही नाही. ताप उतरला.'

केझाया : पहिल्या दिवशी काय म्हणालीस? परत वाच.

डॉर्कस : 'जवळ बसून स्तोत्रं म्हटली. आत काही नाही.'

केझाया : त्या दिवशी तो खोलीत होता.

अँब्रोज : कोण?

केझाया : प्रभू. मला आयुष्यात तेवढं एकदाच वाटलंय. आई म्हणत होती आणि मला कळत होतं की पलंगाच्या कडेला कुणीतरी बसलंय आणि आता मला काही होणार नाही. ते तीन दिवस होतं. ताप उतरला आणि गेलं. साक्षीत तेच सांगायचं असं मी धरून ठेवलं होतं. मग आईचा हात उठला, आणि त्याच्यापुढे ते अगदीच फुटकळ वाटलं. तापात माणूस बरळतो म्हणून सोडून दिलं.

डॉर्कस : हे तू मला कधी बोलली नाहीस.

केझाया : मी आईलाच बोलले नाही. म्हटलं, ती तर रोजच त्याच्याशी बोलते, तिला त्याचं काय.

अँब्रोज : बोलली असतीस तर बरं वाटलं असतं तिला.

केझाया : हो. पण हे कसं, बाबा? ती म्हणते आत काही नव्हतं. मी तिच्याच आवाजातून ऐकत होते. खोलीत दुसरं कुणी नव्हतं. तिच्याजवळ नव्हतं, तर तिने मला दिलं कुठून?

डॉर्कस : मला नाही सांगता येणार.

अँब्रोज : मलाही नाही.

केझाया : पाळकांना माहीत असेल का?

अँब्रोज : विचारू त्यांना. पण तू म्हणालीस तीही गेली. आता काय म्हणशील?

केझाया : आता काही म्हणत नाही. मगाशी मला पक्कं माहीत होतं. आता माहीत नाही. बाबा, तुम्ही असं का केलंत? हात का उचललात?

अँब्रोज : लोक बघत होते. तू बघत होतीस. आणि मला सवय आहे. माझी साक्षही दुसऱ्याची होती. मला आत कधी काही वाटलेलं नाही, केझाया. तुझ्याएवढा होतो तेव्हाही नाही, आजही नाही.

केझाया : मग जेवणाआधी आभार एवढ्या मोठ्याने का मानता? शेजारच्या गल्लीत ऐकू जातं.

अँब्रोज : तुझ्या आईला ऐकू जावं म्हणून.

केझाया : ती माझ्यासाठी मोठ्याने म्हणायची. मी तुमच्यासाठी.

डॉर्कस : आणि मी या घरात आले तेव्हा मनात म्हटलं, काय भाविक माणसं आहेत, आपण यांच्यात शोभत नाही. तुमच्याहून मोठ्याने म्हणायला लागले मी.

केझाया : मावशी, तू तर मधेच खोकायचीस.

डॉर्कस : शब्द विसरले की खोकायचे.

अँब्रोज : हसलीस का तू आत्ता?

केझाया : नाही. माहीत नाही. तोंड हललं असेल.

(दारावर थाप.)

डॉर्कस : आले. प्रवचन लवकर आटोपलेलं दिसतंय. भाऊजी, शेवटचं विचारते. टेबलावर काय ठेवू? तीस पानं की वह्या?

अँब्रोज : दोन्ही ठेव. आणि हाताचं मी सांगतो.

डॉर्कस : ते तुम्हाला प्रभुभोजनावरून उठवतील. सगळ्या मंडळीपुढे नाव घेऊन उठवतील. त्यांनी ती गोष्ट एवढ्या देवळांतून सांगितली, तेही तोंडघशी पडले. छापणं तर गेलंच.

अँब्रोज : उठवू देत. मी तिथे भावाच्या जागेवर बसत होतो.

डॉर्कस : आणि वह्या वाचून ते म्हणाले की ताई हरवली होती, तर?

अँब्रोज : तर त्यांना ऑगस्टमधली ती तीन पानं वाचून दाखव. केझायाने विचारलं ते विचार. उत्तर आलं तर उत्तम. नाही आलं तर तेही आपल्यातलेच एक.

डॉर्कस : मग पावसात त्यांना ताटकळत का ठेवलंय आपण तिघांनी? कुणीतरी उठा. मी वह्या मांडते.

अँब्रोज : केझाया, तू वर जा. त्यांनी मला बोलायला सुरुवात केली की तुझ्या कानांवर नको पडायला.

केझाया : नको, बाबा. ते भिजतायत, त्यांना आत घ्या. झगा चुलीपाशी टाका त्यांचा. मी इथेच बसते.